कोटावरची बदली

ही गोष्ट मला रंगवून सांगायची असती, तर मी माझ्या वडिलांना यात चांगलं दाखवलं असतं.

तसं दाखवता येत नाही. त्यावरूनच काय ते समजा.

दिवस शुक्रवार. तारीख दहा मे, साल एकोणीसशे चौऱ्याहत्तर. वेळ दुपारी चारची. भुतं रात्रीच निघतात असं ज्यांना वाटतं, त्यांनी एकदा वैशाखात आमच्या खाडीवर यावं.

भिवंडीजवळ वळ नावाचं गाव आहे. वळच्या पुढे खाडीच्या काठाला आमचा कोटपाडा. गावाच्या टोकाला जुना कोट. कोट कसला, एक बुरूज उरलाय आणि त्याच्या तेरा पायऱ्या.

पंढरी म्हणजे माझे वडील. इथे मी त्यांना पंढरीच म्हणणार आहे. बाबा म्हटलं की लिहिताना हात सैल पडतो.

आमच्या गावाला तेव्हा एक आवाज होता.

रोज दुपारी चारच्या सुमाराला कोटाकडून यायचा. ठक… ठक… ठक… दगडावर जाड दांडा आपटावा तसा. पाच-दहा मिनिटं यायचा आणि थांबायचा. कोणी म्हणे सुतारपक्षी आहे. कोणी म्हणे भरतीला होडी आपटते. म्हाताऱ्या म्हणत, रावाचा पहारेकरी हाय तो. पण घाबरत कोणीच नव्हतं. ठक ऐकू आलं की बायका चुलीवर चहाचं आधण ठेवत.

राव म्हणजे सरदार रायाजीराव. मोठ्या पुस्तकांत हे नाव सापडायचं नाही, आमच्या गावात मात्र त्याच्या नावाने नारळ फुटायचे. शाळेतले काळूराम गुरुजी तर त्याच्यापायी वेडे झाले होते. घाटावर जाऊन कुणाच्या माळ्यावरचे मोडी कागद ते उतरवून घेऊन आले होते. त्या वर्षी राज्याभिषेकाला तीनशे वर्षं झाली म्हणून गावोगाव सोहळे चालले होते. गुरुजी म्हणाले, आपण आपल्या रावाचा देखावा करू. थेट कोटावरच.

चार प्रवेश ठरले. पहिल्यात राव पागेत घोड्यांना वैरण टाकतो. दुसऱ्यात धन्यावर आलेला भाला स्वतःच्या खांद्यावर झेलतो आणि शिलेदार होतो, म्हणजे स्वतःच्या घोड्याचा धनी. तिसऱ्यात ओहोटीच्या चिखलातून, फळ्यांवर पोटाने सरकत येऊन फिरंग्यांचा हा कोट घेतो. चौथ्यात त्याला दरबारातून बोलावणं येतं. भाल्याच्या हातात शिक्का येतो, वैरण टाकणारा पोरगा राज्याचा मंत्री होऊन पालखीत बसतो. टाळ्या.

तिसऱ्या आणि चौथ्याच्या मधे एकच वाक्य होतं. कोटावर बारा माणसं ठेवून राव निघतो आणि वर बघून म्हणतो, "मी बदली धाडतो. तोवर जागा सोडू नका."

रावाचं काम पंढरीला मिळालं. मिळालं कसलं, त्याने घेतलं. गवताचा व्यापार बरा चालला होता, सरपंचकीवर डोळा होता, आणि मिशी घरचीच होती. पहारेकऱ्याचं काम मात्र कोणी घेईना, कारण त्याला वाक्यच नव्हतं. भर उन्हात बुरुजावर उभं राहायचं, बस्स. पंढरीने ते धाकट्या भावाच्या गळ्यात मारलं.

धाकटा महादू. भिवंडीतल्या नारपोलीत लूमवर, म्हणजे यंत्रमागावर, कामाला. लग्नाला दीड वर्ष झालेलं. बायकोचं नाव चंद्रा.

इथे लूमवरची एक रीत सांगायला हवी. चालू लूम सोडून जाता येत नाही. धागा तुटला तर सगळं कापड बिघडतं. म्हणून पुढच्या शिफ्टचा माणूस येईपर्यंत उभं राहायचं. त्या माणसाला म्हणतात बदली. शेडमध्ये खडखडाट इतका, की हाक ऐकू येत नाही. त्यामुळे बदली मागून येते आणि खांद्यावर हात ठेवते. उभा असलेला वळत नाही, त्याचे डोळे धाग्यावर. तो फक्त विचारतो, "बदली?" मागचा कानाशी म्हणतो, "आलो." झालं. एक सुटला, दुसरा अडकला.

हे रोज. वर्षानुवर्षं. लूमवाल्याला झोपेत विचारलं तरी तोंडातून तेच येणार.

त्या शुक्रवारी महादू रात्रपाळी करून आला होता. डोळ्याला डोळा लागला नव्हता. डोक्यावर कागदी पागोटं, हातात पत्र्याची ढाल आणि वेळूचा भाला. पायऱ्यांशी चंद्राने पाण्याचा तांब्या पुढे केला. सगळं गाव बघतंय म्हणून तो लाजला. "उतरल्यावर पितो," म्हणाला आणि वर गेला.

देखावा झकास चालला होता. भिवंडीच्या टांगेवाल्याचा घोडाही शहाण्यासारखा वागत होता. पंढरीने घोडा वळवला, मिशीवर हात फिरवला आणि बुरुजाकडे बघून खणखणीत आवाजात म्हणाला,

"मी बदली धाडतो. तोवर जागा सोडू नका."

आणि नेमका चारचा आवाज सुरू झाला.

ठक… ठक…

लोक खूश. टाळ्या पडल्या. गुरुजींनी वेळ कशी साधली म्हणून सगळे मान डोलावू लागले.

मग आवाज थांबला. मधेच…

पंढरी बुरुजाच्या अगदी खाली होता. त्याला स्पष्ट ऐकू आलं. वरून, महादूच्या पाठीमागून, कोणीतरी विचारलं…

"बदली?"

घसा कोरडा पडलेल्या माणसाचा आवाज.

वर महादूशिवाय कोणी नव्हतं.

महादूचे डोळे अर्धे मिटले होते. त्याने मागे वळूनही पाहिलं नाही.

"आलो," तो म्हणाला. "जा तू."

त्यानंतर एक सुस्कारा आला. इतका लांब सुस्कारा पंढरीने जन्मात ऐकला नव्हता. पायऱ्यांवरची धूळ हलली. आधी वरची पायरी, मग तिच्या खालची, मग तिच्या खालची… कोणीतरी जड पायाने उतरत असावं तशी. घोडा थरथरत बाजूला सरला, आणि जे काही होतं ते त्याच्या जवळून खाडीकडे निघून गेलं.

लोकांना वाटलं, देखाव्यातलाच भाग. पंढरीनेही मनाला तेच सांगितलं. चौथा प्रवेश बाकी होता ना. तो पालखीत बसला.

सगळं आटोपून पंगत बसली तेव्हा साडेपाच झाले होते. ऊन अजून होतं. पुतळाबाईने, म्हणजे माझ्या आजीने, मुलांची पानं मोजली. महादूचं पान रिकामं.

झोपला असेल, कोणीतरी म्हणालं.

तेवढ्यात कोटाकडून आवाज आला. भलत्याच वेळी.

खटक-खट… खटक-खट… खटक-खट…

दांडा दगडावरच आपटत होता, पण ठेका निराळा होता. तो लूमचा ठेका होता. महादू जेवतानाही पायाने तसाच ठेका धरायचा, त्यावरून आजी त्याला रोज बोलायची.

चंद्रा तांब्या घेऊन उठली. पंढरीने तिला बसवलं आणि तसाच, रावाच्या पोशाखात, कोटावर गेला.

महादू वर होता. खाडीकडे तोंड. भाला दगडावर आपटत होता.

"महादू, चल. जेवायला बसलेत सगळे."

"दादा, बदली आल्याबिगर सुटता येत न्हाय."

आवाज अगदी रोजचा होता. थट्टा म्हणावी तर तोंडावर हसू नव्हतं. पंढरीने त्याचं मनगट धरलं. वैशाखातल्या उन्हात उभ्या माणसाचं ते मनगट विहिरीतल्या दगडाइतकं गार होतं. त्याने ओढून एक पायरी खाली आणलं. महादूची मान पडली. ओठ काळेनिळे झाले. श्वास बंद. पंढरी घाबरला, त्याने भावाला कवेत धरून पुन्हा वर ठेवलं. श्वास सुरू झाला.

खटक-खट…

दोनदा असंच झालं. मग त्याला अंगावरच्या पोशाखाची आठवण झाली. तो सरळ उभा राहिला आणि हुकूम दिल्यासारखा म्हणाला, "पहारा उठला. उतर खाली."

भाला थांबला. महादूने मान वळवली. पण बोलला तो आवाज महादूचा नव्हता.

"राव… तीन पत्रं धाडली."

ही कसली पत्रं, पंढरीला काही कळेना. तिथून पाय काढायचा एवढंच कळत होतं. तो मागे सरत, पायरीपायरीने उतरत म्हणाला, "थांब तू. मी बदली घेऊन येतो. तोवर जागा सोडू नको."

खाली आल्यावर त्याने जे झालं ते सगळ्यांना सांगितलं. 'तीन पत्रं' ऐकून काळूराम गुरुजींनी पिशवीतून एक कागद काढला. हा त्यांनी कोणालाच दाखवला नव्हता. रावाची शोभा जाईल म्हणून देखाव्यातूनही गाळला होता.

राव मंत्री झाल्यावर कोटावरच्या माणसांनी त्याला तीन वेळा लिहिलं होतं. हे तिसरं पत्र. अकरा गेले, एक उरला, बदली पाठवावी, एवढाच मजकूर. त्याखाली रावाच्या हातचा शेरा. दोनच शब्द.

मागाहून पाहू.

पुतळाबाई सगळं ऐकत होती. तिला वाचता येत नव्हतं, पण जात्यावरची एक ओवी तिला तिच्या सासूने शिकवली होती. तिचा अर्थ तिला त्या दिवशी लागला.

*राव गेला दरबारी, पालखीच्या गादीवरी,*
*बदलीची वाट पाहे, एकला गं कोटावरी.*

"आता कोनी तरी 'आलो' म्हनाया हवं," ती म्हणाली. "त्याबिगर माजा पोर सुटनार न्हाय."

अख्खी पंगत पानाकडे बघत राहिली. कोणाची चूक म्हणावी? पोटच्या पोरासाठी म्हातारी स्वतः उठली, गुडघ्यांवर हात टेकून उभी राहिली. तेव्हा पंढरी म्हणाला, "आई, बस. मी जातो."

आणि तो खरंच गेला. एवढं त्याचं मला मान्य करायला हवं.

सूर्य खाडीला टेकला होता. पंढरीने पहिल्या पायरीवर पाय ठेवला. एकच पाय. वरचा ठेका थांबला. आणि महादूने, त्याच्या धाकट्या भावाने, लहानपणी जत्रेत खाऊ मागायचा त्या आवाजात विचारलं…

"बदली?"

एक शब्द म्हणायचा होता.

पंढरीच्या डोळ्यांसमोर घर आलं. घरात तीन महिन्यांची मुलगी होती. मी. त्याने तोंड उघडलं. आणि तोंडातून निघालं,

"मागाहून… मागाहून येतो."

तो परत आला आणि सगळ्यांना म्हणाला, वर कोणी न्हाय.

हे खोटं होतं. पण चारजण कंदील घेऊन वर गेले तेव्हा ते खरं झालं होतं. बुरुजावर नुसता वेळूचा भाला. कोणीही न धरलेला… सरळ उभा.

पोलिसांत नोंद झाली. खाडीत पडला असेल, सुरतेला पळाला असेल, लोक काय वाटेल ते म्हणाले. दुसऱ्या दिवशी चार वाजता आवाज आला. खटक-खट… त्यानंतर आमच्या गावात चारला कोणी चहा ठेवला नाही.

पंढरी सरपंच झाला. पुढे एकोणऐंशी साली पंचायत समितीचा सभापती. वैरण विकणारा माणूस जीपमधून फिरू लागला. कोटाच्या वाटेला तो कधी गेला नाही.

चंद्राने कुंकू पुसलं नाही. रोज चारला ती कोटावर जायची आणि वरच्या पायरीवर बसायची. 'आले, मी आले' म्हणून तिने घसा कोरडा केला. पण ठेका चुकायचा नाही. विचारल्याशिवाय बदली घेता येत नाही, आणि तो तिला विचारत नव्हता.

पंढरीकडे ती तीनदा आली. ओट्याखाली उभी राहून तिन्ही वेळा एकच म्हणाली, "भावजी, तुमी बोलला व्हतात, बदली घेऊन येतो."

तिन्ही वेळा पंढरी म्हणाला, मागाहून बघू. तिसऱ्यांदा म्हणताना त्याने स्वतःचंच ऐकलं. त्या दिवशी तो जेवला नाही. पण कोटावरही गेला नाही.

नारपोलीचा सावळाराम महादूच्या लूमवरचा जोडीदार. दिवस आणि रात्र आलटूनपालटून दोघं एकमेकांची बदली. तो एकदा विचारपूस करायला आला होता. बोलता बोलता त्याने चंद्राला शेडमधली रीत सांगितली. मागून जायचं, बोलायचं नाही, नुसता खांद्यावर हात ठेवायचा. तिने पुन्हा पुन्हा विचारून घेतलं. कुठल्या खांद्यावर? उजव्या की डाव्या?

सभापती झाल्याचा सत्कार शाळेच्या पटांगणात होता. दुपारची वेळ. गळ्यात हार घालून पंढरी माइकसमोर उभा होता. चार वाजले. कोटाकडून ठेका सुरू झाला. गावाला सवय होती, पंढरीलाही. तो त्यावरून आवाज चढवून बोलू लागला.

ठेका थांबला. मधेच…

पंढरीही थांबला. माइकमधून त्याचा श्वास सगळ्या पटांगणाला ऐकू येत होता.

मग तो सुस्कारा आला. पाच वर्षांपूर्वीचाच.

थोड्या वेळाने कोटाच्या वाटेने एक माणूस चालत आला. डोक्यावर कागदी पागोटं. हातात पत्र्याची ढाल. पाच वर्षांत एक दिवसानेही मोठा न झालेला. पाठीवरचा सदरा घामाने भिजलेला… त्याच दिवसाच्या घामाने.

महादू मांडवात आला. त्याने हाराकडे पाहिलं, भावाच्या पिकलेल्या मिशीकडे पाहिलं.

"दादा, लय उशीर केलास," तो म्हणाला. मग इकडेतिकडे बघत विचारलं, "चंद्रा कुठं हाय? पान्याचा तांब्या तिच्याजवल हाय."

तेवढ्यात कोटाकडून पुन्हा आवाज आला. दांड्याचा. हळू. आणि प्रत्येक ठोक्याबरोबर… काचेच्या बांगड्यांची किणकिण.

महादूच्या हातातली ढाल पडली. तो पंढरीला जे म्हणाला, ते पंढरीने मला मरायच्या आधी तीन दिवस सांगितलं. शब्दाला शब्द.

"मागून खांद्यावर हात आला, दादा. मना वाटला, सावलाराम आला. मी इचारला, बदली? सवयीनं इचारला रं… आवाज तिचा व्हता."

कोटावर कोणी सापडलं नाही. वरच्या पायरीवर पाण्याने भरलेला तांब्या होता.

महादूकाका पुन्हा लूमवर गेले नाहीत. रोज चारला ते कोटावर जायचे. किणकिण जिथून यायची त्याच्या मागे उभे राहून, खांदा असेल त्या उंचीवर हात धरायचे आणि वाट बघायचे. पंचवीस वर्षं त्यांनी हे केलं. तिने एकदाही विचारलं नाही. तिला ती रीत ठाऊक होती. विचारलं की हा पुन्हा अडकणार. मग ती कशाला विचारेल?

काका गेले, तरी बांगड्या वाजतातच.

बाबा अंथरुणाला खिळले तेव्हा चार वाजले की उजवा खांदा झटकायचे. कोणाचा तरी हात काढून टाकावा तसा. डॉक्टर म्हणाले, वयामुळे होतं. असेल.

आता कोटाच्या तिन्ही बाजूंना गोडाऊन झाली आहेत. बुरूज तेवढा राहिलाय. गेल्या वैशाखात मी एकदा धीर करून गेले. चारला पाच मिनिटं कमी होती. पहिल्या पायरीवर पाय ठेवला. वर किणकिण सुरू झाली, आणि माझी चाहूल लागल्यासारखी थांबली. वर कोणीतरी श्वास घेतला… बोलायला घेतात तसा.

मी थांबले नाही. पळत सुटले.

सगळे मला सांगतात, ताई, काकी कशाला विचारतील, त्यांनी नवऱ्याला सुद्धा विचारलं नाही. खरं आहे. पण मी तिची कोण? ज्याच्यासाठी ती गप्प राहिली तो आता गेला. आणि ज्या मुलीचं निमित्त करून बाबा पहिल्या पायरीवरून मागे फिरले, ती मी.

तिने विचारलं तर मी काय म्हणेन, ते मला ठाऊक आहे. पळताना माझ्या तोंडात बाबांचाच शब्द होता.